सुप्रभातची ओळ

"फाइल आली म्हणजे माणूस जेवला असं होत नाही, मुली," दोन्या एदिक्ता मला फोनवर म्हणाल्या होत्या, आणि मी हसले होते.

गुरुवारची सकाळ होती. माझ्या तान्ह्या आब्रीलला खांद्यावर टाकून मी तिची ढेकर काढत होते, फोन गालाखाली दाबलेला. दोन्या एदिक्ता, म्हणजे एदिक्ताबाई, तिकडं आमच्या देशात मेरिदाला राहतात, प्रोफेसर एबेर्तो उस्कातेगींच्या समोरच्या दारात. विद्यापीठात शिकताना मी त्यांच्या मागच्या खोलीत भाड्यानं राहायचे. पुढं लग्न झालं, देश सोडला, सीमा ओलांडून शेजारच्या देशात बुकारामांगाला आलो, तरी त्यांचा फोन येतो. मी आधी आशीर्वाद मागायचा, त्यांनी "देव तुमचं भलं करो" म्हणायचं, आणि मग तक्रारी सुरू. त्या दिवशी तक्रार प्रोफेंची, म्हणजे आमच्या या प्रोफेसरांची, होती.

"पिस्का करून दाराशी ठेवली. दूध, बटाटा, वरून अंडं फोडलं, कोथिंबीर घातली. सकाळी बघते तर भांडं तसंच, वर साय धरलेली. दार वाजवलं की आतून म्हणतात, 'नंतर.' काल नंतर, आज नंतर. नंतर म्हणजे कधी? माझ्या मयतीला?"

"कामात असतील हो. आज सकाळीच त्यांच्या फाइलींची नवी आवृत्ती आलीय."

"म्हणजे काय आलंय?"

"म्हणजे ते ठणठणीत आहेत, टेबलाशी बसून काम करताहेत. आता त्यांना उगीच उठवू नका."

तेव्हा त्या ते वाक्य म्हणाल्या. मग आब्रीलनं माझ्या खांद्यावर दूध ओकलं आणि मी फोन ठेवला.

ज्या फाइलींबद्दल मी बोलत होते त्यांचं नाव फ्रायलेहोन. आमच्या डोंगरात झाडं संपतात तिथून पुढं, धुक्यात, हे लवदार पानांचं झुडूप उगवतं. वर्षभरात बोटाच्या पेराएवढंही वाढत नाही. लेकरांच्या वाढीचा हिशेब करणाऱ्या फाइलींना प्रोफेंनी त्याचं नाव दिलं. त्यांची थट्टा अशीच असायची, ऐकणाऱ्याला दुसऱ्या दिवशी हसू यायचं.

संगणकवाले अशा फाइलींच्या गठ्ठ्याला लायब्ररी म्हणतात. एकानं एकदा नीट गणित लिहून ठेवायचं आणि जगात ज्याला लागेल त्यानं ते फुकट उचलून वापरायचं. प्रोफेंच्या गठ्ठ्याला मुलाचं वय, वजन, उंची दिली की ते मूल त्याच्या वयाच्या इतर मुलांत कुठं उभं आहे ते कळतं. गावभरच्या मुलांची वजनं दिली तर सरासरी निघते, आणि धोक्याच्या रेघेखाली किती जण गेलेत तेही. हे करणाऱ्या लायब्र्या पुष्कळ आहेत. पण एखाद्या मुलाचं वजन नोंदलेलंच नसलं की त्या त्याला गुपचूप बाजूला काढतात आणि उरलेल्यांची सरासरी काढून मोकळ्या होतात. प्रोफेंच्या फाइली अडून बसतात. गैरहजर कोण, कुठल्या गावचे, हे आधी तुमच्यापुढं ठेवतात.

"जे मूल तराजूपर्यंत पोचत नाही, तेच बहुतेक सगळ्यात हलकं असतं," ते वर्गात सांगायचे. "त्याला वगळाल तर गाव धष्टपुष्ट दिसेल."

आणि दुसरा नियम. गैरहजराच्या जागी आपल्या मनातला आकडा भरायचा नाही. भरावाच लागला तर त्यावर खूण करायची, की हा मोजलेला नाही, भरलेला आहे.

या फाइलींना आणखी एक सवय होती. त्या उघडल्या की काम सुरू करण्याआधी पडद्यावर एक ओळ छापायच्या. असं बऱ्याच लायब्र्या करतात, नाव, आवृत्ती, काहीतरी सूचना. प्रोफेंची ओळ सुप्रभातनं सुरू व्हायची, मग तुम्ही संध्याकाळी का उघडेनात. "सुप्रभात. सरासरी काढण्याआधी गैरहजरांची विचारपूस केलीत का?"

मी इथं एका संस्थेत नोकरीला लागले तेव्हा ही ओळ माझ्या पहिल्याच अहवालाच्या डोक्यावर छापून गेली. आजूबाजूच्या डोंगरी गावांतल्या मुलांच्या वजनांचा अहवाल होता, महापौरांकडे जायचा होता. आमच्या साहेबांनी मला बोलावलं.

"इंजिनियर, हे गैरहजरांचं महापौरांना कोण विचारतंय?"

"फाइल विचारते, साहेब."

"महापौर स्वतःच कुठल्या बैठकीला हजर नसतात. टोमणा समजतील. काढा ते."

काढणं सोपं असतं. लायब्ररी बोलावतानाच तिला 'गप्प ये' असं सांगणारा एक शब्द लिहायचा, की ती काही न छापता कामाला लागते. तो शब्द या धंद्यात सगळेच लिहितात, बूट दाराबाहेर काढावेत तितक्या सहज. मी एकदा लिहिला आणि पुढच्या प्रत्येक अहवालात तो आपोआप आला. माझ्याबरोबर प्रोफेंकडे शिकलेले लिमात, सांतियागोत, माद्रिदमध्ये पांगले होते, त्यांनीही आपापल्या कामात लिहिलेला होता. फाइली काम करत होत्या. बोलत नव्हत्या एवढंच.

पण नवी आवृत्ती आली की कळायचं. मग फोनवरच्या आमच्या गटावर कुणीतरी टाकायचं, "फ्रायलेहोनची नवी आवृत्ती. म्हातारा जोरात आहे." खाली अंगठे, टाळ्या, एखादा केक. वर्षभरात आवृत्त्या फार भराभर यायला लागल्या होत्या. आम्हाला कौतुक वाटायचं, या वयात केवढं काम करतात! प्रोफेंना फोन करायचा राहून जायचा, पण त्याची रुखरुख लागत नसे. ख्यालीखुशाली कळतच होती की.

त्या आठवड्यात आब्रीलचं पोट बिघडलं.

सात महिन्यांचं लेकरू आणि पोट बिघडलेलं. आई झालेल्यांना पुढचं सांगायला नको. दवाखान्यातल्या नर्सनं तिला तराजूत ठेवलं, "थोडं उतरलंय, भरून येईल" म्हणाली आणि पुढच्या बाईला हाक मारली. थोडं म्हणजे किती? कुणाच्या मानानं थोडं? रविवारी दुपारी आब्रील झोपल्यावर मी कपाटातून माझा विद्यार्थीदशेतला लॅपटॉप काढला. ऑफिसातला ऑफिसातच होता.

माझा नवरा एउदेस खिडकीशी बसून कुणाच्या तरी फ्रिजची मोटर उघडत होता. तिकडं तो जमीन मोजायचा, इकडं फ्रिज दुरुस्त करतो.

"नर्सनं सांगितलं ना, ठीक आहे म्हणून?" तो म्हणाला. आम्ही डोंगरातली माणसं, घरात एकमेकांना तुम्हीच म्हणतो. "तुम्ही त्या पोरीला दर आठवड्याला जोखता. ती बाजारातला बटाटा आहे का?"

"तुम्ही मोटर बघा."

"बघतोच आहे. मोटर तरी शांत बसते."

लॅपटॉपवर जुनं काही उरलं नव्हतं. फ्रायलेहोन नव्यानं उतरवून घेतलं, हातानं बोलावलं. घाईत होते, गप्प करणारा शब्द लिहायचा राहिला. पडद्यावर ओळ आली.

"सुप्रभात. डावा डोळा आधीच गेला होता, आता उजव्यातही धुकं आहे. टाइपातल्या चुका पोटात घाला. हे कुणी वाचत असेल तर फोन करा. मला उठून यायला वेळ लागतो, लगेच ठेवू नका."

मी ती दोनदा वाचली. मग एउदेसला हाक मारली, त्यानं ग्रीसचे हात पँटला पुसत वाचली.

"हे त्यांनी कुणाला लिहिलंय?" त्यानं विचारलं.

"जो उघडेल त्याला."

"आणि हे कधीपासून चाललंय?"

तेच मला कळेना. जगभरच्या अशा फाइली जिथं ठेवतात त्या भांडारात प्रत्येक आवृत्ती जपून ठेवलेली असते. मी वर्षभरातल्या सगळ्या उतरवून घेतल्या आणि एकेकीची आधीच्या आवृत्तीशी तुलना केली. दोन फाइली शेजारी ठेवल्या की जे बदललंय तेवढंच रंगीत होऊन दिसतं. माझी समजूत होती, गणितात काहीतरी सुधारणा दिसतील. पहिल्या जोडीत एकच ओळ रंगीत झाली. दुसऱ्या जोडीत एकच. तिसऱ्यातही तीच. सरासरी, मध्यक, वाढीच्या रेघा, गैरहजरांची यादी, काही काही बदललं नव्हतं. दर आवृत्तीत फक्त सुप्रभातची ओळ नवी होती. तेवढं बोलायला ते अख्खी आवृत्ती काढत होते.

"सुप्रभात. आज पाणी आलं. बादल्या, पातेली, फुलदाणीसुद्धा भरून ठेवली."

"सुप्रभात. विद्यापीठातल्या पेरूला यंदा उदंड फळ. विद्यार्थी नाहीत, त्यामुळं खाली पडतंय."

"सुप्रभात. समोरच्या बाई पिस्का आणून देतात. मीठ कमी असतं. त्यांना सांगू नका."

एउदेस हसला आणि मग एकदम थांबला.

"सुप्रभात. डिसेंबर आला. नाताळच्या हायाकांच्या पुड्या बांधायला केळीची पानं होती, दोरा होता. बांधायला बसणारी माणसं नव्हती, म्हणून बेत सोडला."

"सुप्रभात. वीज जाते, त्यामुळं फ्रिजमधलं इन्सुलिन टिकत नाही. कुणाला ही लायब्ररी पुढं सांभाळायची इच्छा असेल तर कळवा. अवघड नाही. मी शिकवीन."

आणि मग ही.

"सुप्रभात. योलिमारला मुलगी झाल्याचं समोरच्या बाईंकडून कळलं. वजन कुणी कळवलं नाही. गैरहजर म्हणून नोंदवतो."

योलिमार म्हणजे मी. त्या आवृत्तीनं मी माझ्या आब्रीलचं वजन पहिल्यांदा पडताळलं होतं, ऑफिसात, बाळंतपणाच्या रजेवरून परतल्यावर. फाइल माझ्या लेकीचं वजन हातात घेऊन बसली होती, आणि तिला मी तोंड उघडू दिलं नव्हतं.

मी प्रोफेंचा नंबर लावला. वाजत राहिला.

"ठेवू नका," एउदेस म्हणाला. "त्यांनी लिहिलंय."

मी ठेवला नाही. वाजून वाजून तो आपणच बंद पडला. परत लावला. माझ्या डोळ्यांपुढं त्यांची ती खोली येत होती. फोन पुस्तकांच्या कपाटापाशी, पलंग दुसऱ्या टोकाला, मध्ये खुर्ची, फुलदाणी, भरलेल्या बादल्या. डोळे गेलेल्या माणसानं त्यातून यायचं. मग दोन्या एदिक्तांना लावला. तिकडं वीज गेलेली असावी, वीज गेली की टॉवर मरतो. नंबर अस्तित्वात नसल्याचं एक बाई गोड आवाजात सांगत राहिली.

"पण गुरुवारी तर आवृत्ती आली," एउदेस म्हणाला. "म्हणजे गुरुवारपर्यंत..."

"नाही. त्यांनी पाठवली की लगेच येत नाही. भांडारात स्वयंसेवक आहेत, तपासतात, सवडीनं वर चढवतात. रांग असते. त्यांनी ती कधीतरी आधीच पाठवलेली."

हे मला गुरुवारीही माहीत होतं. त्या रांगेत मी स्वतः थांबलेली आहे. पण आलेली फाइल बघून माणसाला माणूसच आठवतो, रांग आठवत नाही.

संध्याकाळ उतरताना दोन्या एदिक्तांचा फोन लागला. आशीर्वाद मागायचं भानच राहिलं नाही.

"आधी आशीर्वाद," त्या म्हणाल्या. "घाई असली म्हणून काय झालं."

"आशीर्वाद द्या. प्रोफे कुठं आहेत?"

"देव तुमचं भलं करो. आतच आहेत. आज 'नंतर'सुद्धा म्हणाले नाहीत. मी म्हटलं काम चालू असेल, तुम्हीच तर..."

"दार उघडा, दोन्या एदिक्ता. तोडा. त्यांना दिसत नाहीये."

"दिसत नाही म्हणजे? गेल्या आठवड्यात तर मला म्हणाले, केस छान बांधलेत."

"ते तुमची समजूत काढत होते."

फोन तसाच हातात ठेवून त्या जिन्यात ओरडल्या. खालच्या मजल्यावरचा कुलूपवाला आला असावा, कारण त्याच्या हत्यारांची पेटी आपटली आणि तो म्हणाला, "बाई, हे कुलूप माझ्या आज्याच्या वेळचं आहे, तोडलं तर दुसरं मिळायचं नाही," आणि दोन्या एदिक्ता म्हणाल्या, "नाही मिळालं तर नाही! घाला घाव!" मी इकडं आब्रीलला इतकं घट्ट धरलं होतं की ती जागी होऊन रडायला लागली. तिच्या रडण्यात तिकडचं काही ऐकू येईना. एउदेसनं तिला माझ्याकडून घेतली आणि गॅलरीत गेला.

लाकूड फुटलं. पावलं. पाण्याचा आवाज, बादली कलंडली असणार. मग दोन्या एदिक्तांचा आवाज, इतका मऊ मी कधीच ऐकला नव्हता. "अहो एबेर्तो. अहो, बघा इकडं. मी आहे, मी."

ते जिवंत होते. पलंगाच्या कडेला, जमिनीवर.

रुग्णालयात औषध होतं, पण उशीर झाला होता. साखर, डॉक्टर म्हणाले, आणि खाणंपिणं नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी दोन्या एदिक्तांनी फोन लावला आणि प्रोफेंच्या कानाशी धरला. "बोला," त्या म्हणाल्या. "ऐकू येतंय त्यांना. बाकीचं सगळं संपावर गेलंय, कान तेवढे कामावर आहेत."

"आशीर्वाद द्या, प्रोफे. मी योलिमार."

बराच वेळ श्वासच ऐकू आला. मग ते म्हणाले, "देव तुमचं भलं करो. तुम्ही वाचलंत."

ते विचारत होते की सांगत होते, कळलं नाही.

"हो," मी म्हटलं.

"कुठली?"

"सगळ्या."

"कधीपासून?"

खिडकीबाहेर कुणीतरी मक्याची कणसं विकत ओरडत होतं. मी आब्रीलच्या पायाकडं बघत होते. मोजे घातले की ती ओढून काढते.

"पहिल्यापासून, प्रोफे. आवृत्ती आली की आम्ही सगळेच वाचायचो. लिमातले, माद्रिदमधले, सगळे. आधी ओळ, मग काम."

"पेरूची?"

"पेरूचीही."

"मिठाची?"

"तीही."

"त्यांना सांगितली नाहीत ना?"

"काय नाही सांगितलं?" पलीकडून दोन्या एदिक्तांचा आवाज आला. "मला काय नाही सांगितलं?"

प्रोफे हसले. हसणं म्हणजे नाकातून थोडी हवा सुटली. मग पुन्हा श्वास, आणि मला वाटलं झोपले. तेवढ्यात ते वर्गातल्या आवाजात, पण फार हळू म्हणाले, "भरलेल्या आकड्यावर खूण करावी, योलिमार. एवढंच."

मी आब्रीलचा मोजा परत चढवला.

"मुलीचं वजन?" त्यांनी विचारलं.

"सहा किलो नऊशे. सात महिने पुरे झालेत. पोट बिघडलं होतं, त्यात उतरलं."

ते थांबले. त्या दवाखान्याच्या खाटेवर, बंद डोळ्यांनी, ते माझ्या लेकीला तिच्या वयाच्या सगळ्या पोरींच्या रांगेत उभी करत होते, मला ठाऊक आहे. "मधल्या रेघेच्या खाली," ते म्हणाले. "पण वाटेतच आहे. घाबरू नका. आता गैरहजर नाही."

बुधवारी पहाटे ते गेले. दोन्या एदिक्तांनी त्यांना स्वतःच्या नवऱ्याचा कोट घातला. पाद्री चर्चमध्ये फार भरभर बोलला म्हणून त्या त्याच्यावर अजून चिडलेल्या आहेत. कुलूपवाल्यानं पैसे घेतले नाहीत आणि दाराला नवं कुलूप बसवलं, आत कुणी राहत नसताना. मी जाऊ शकले नाही. आब्रील आजारी, आणि सीमेवरून परत यायला मिळेल की नाही याची खात्री नाही, असं मी सगळ्यांना सांगितलं. दोन्ही खरं होतं.

काही आठवड्यांनी भांडाराच्या स्वयंसेवकांची सूचना आली. फ्रायलेहोन सांभाळणाऱ्याचा पत्ता उत्तर देत नाही, एक किरकोळ दुरुस्ती हवी आहे, कुणी जबाबदारी घेतली नाही तर लायब्ररी खाली उतरवण्यात येईल. म्हणजे त्यांचा पत्ता उत्तर देईना तेव्हा त्यांचं गैरहजर असणं नोंदलं गेलं.

मी कळवलं, मी घेते.

दुरुस्ती खरंच किरकोळ होती. सुप्रभातच्या ओळीपाशी मात्र मी फार अडले. आब्रीलला दुपारी झोपवून बसायचे, काहीतरी लिहायचे, खोडायचे. शेवटी हे लिहिलं: "सुप्रभात. प्रोफेसर एबेर्तो उस्कातेगी गैरहजर. 'सगळ्या वाचल्या' हे त्यांना दिलेलं उत्तर मोजलेलं नाही, भरलेलं आहे." आवृत्ती पाठवली, रांगेत थांबली, वर चढली. गटावर कुणीतरी टाकलं, "फ्रायलेहोन चालू राहिलं, शाब्बास योलिमार." अंगठे, टाळ्या, केक. ओळीबद्दल कुणी काही बोललं नाही. बोलणार कसं?

एउदेस म्हणाला, "त्यांना फोन करून वाचायला सांगा ना."

"सांगेन," मी म्हटलं. आणि सांगितलंही, एकेकाला. एक जण फोन न ठेवताच फाइल उघडून बसला. दुसरा म्हणाला, माझ्या मुलाच्या जन्माचीही ओळ आहे का बघ. होती.

तरी आणखी एक गोष्ट सांगायची राहिली आहे.

फाइली माझ्या ताब्यात आल्यावर मी त्या पहिल्यापासून वाचायला घेतल्या. कुठलीही लायब्ररी एकटी उभी नसते. ती दुसऱ्या कुणाच्या तरी लायब्ररीला हाक मारते, ती तिसरीला. वाढीच्या रेघा काढताना खडबडीत ठिपक्यांतून सरळसुबक वाट काढावी लागते, आणि त्यासाठी प्रोफेंची लायब्ररी एका फार जुन्या लायब्ररीला बोलावते. तिची कर्ती नेलिदा बेंतांकोर, ताकुआरेम्बो, उरुग्वे. तिला बोलावणारी ती ओळ प्रोफेंनीच लिहिलेली, फार वर्षांपूर्वी, आणि त्या ओळीत तो शब्द होता. गप्प ये.

त्यांनीसुद्धा. बूट दाराबाहेर काढावेत तसं.

मी तो शब्द पुसला आणि चालवून बघितलं. पडद्यावर एक ओळ आली.

"नमस्कार. येर्बाच्या चहाचं पाणी गरम करून ठेवलेलं असतं. कुणी आलंच तर दार नुसतं लोटलेलं आहे."

ती आवृत्ती बरीच जुनी आहे. त्यानंतर दुसरी आलेली नाही. फाइली उत्तम चालतात, रेघा लोण्यासारख्या निघतात, जगभरातली कितीतरी लेकरं त्या रेघांवर मोजली जातात, माझीही. मी लिहिलेलं पत्र परत आलं. फोन नंबर कुठंच नाही. तिथल्या विद्यापीठात विचारलं तर म्हणाले, त्या निवृत्त होऊन फार काळ झाला, गावातच असतील, नक्की सांगता येत नाही.

इथून ताकुआरेम्बो लांब आहे आणि माझं लेकरू अजून लहान आहे. हे वाचणाऱ्यांपैकी कुणी त्या बाजूला असेल, कुणाचं कुणी तिकडं नोकरीला, शिकायला, बोटीवर गेलेलं असेल, तर त्याला एवढं सांगा. जाऊन बघा. फाइली चालताहेत म्हणून परत फिरू नका. दार लोटलेलं असेल, हाक मारून आत जा, आणि त्या 'नंतर' म्हणाल्या तरी बाहेर थांबू नका.